कोपऱ्यातली दोन अक्षरं

४७, लॉरिमर स्ट्रीट
स्प्रिंगबर्न, ग्लासगो
४ फेब्रुवारी १९७४

नेटा,

‘प्रिय’ लिहिलं नाही ते मुद्दाम. तुला ते खोटं वाटलं असतं, आणि तू खोटं म्हणालीस की मला राग आला असता. एकोणीस वर्षांनी लिहायला बसले आहे, तर सुरुवात भांडणाने नको.

कामाचं सांगते. आपली गल्ली पाडणार आहेत. महापालिकेची नोटीस आली आहे. जूनच्या तीस तारखेपर्यंत घरं रिकामी करायची. इथून रुंद रस्ता जाणार आहे. मोटारींना स्प्रिंगबर्नमध्ये न थांबता पलीकडे जाता यावं म्हणून. इंजिनांचे कारखाने बंद झाल्यापासून इथे थांबण्यासारखं काही उरलं नाही हे मलाही दिसतं, पण ते मी म्हणावं. त्यांनी नाही.

मला उंच इमारतीत बाविसाव्या मजल्यावर दोन खोल्या देतायत. न्हाणीघर आहे, नळाला गरम पाणी आहे, लिफ्ट आहे. महापालिकेचा माणूस स्वतः सांगायला आला होता. तरुण आहे, बूट पुसून आत आला, ते मला आवडलं. मी त्याला चहा दिला आणि जाणार नाही म्हणून सांगितलं. सगळेच जाणार आहेत म्हणाला. मग मी एकटी राहिले तर तुमच्या रस्त्याला कसली अडचण, माझ्या दोन्ही अंगांनी न्या की, असं मी म्हटलं. ब्रायडी डॉकर्टी समोरच्या दारात उभी राहून ऐकत होती. तो गेल्यावर म्हणाली, “इना, तू या घराशी लग्नच लावून घे आता. निदान नवऱ्याला पाडायला त्यांना पाद्र्याची परवानगी लागेल.”

तुला ब्रायडी आठवत असेल. समोरच्या म्हाताऱ्या मिसेस डॉकर्टीची सून. म्हातारी गेली. ब्रायडीची पाचही मुलं बाहेर पडली. आमच्या जिन्यावर आठ बिऱ्हाडं होती, आता तीन आहोत: मी, ब्रायडी, आणि वरती सँडी मॅकफेल, जो बॉयलरवर रिव्हेटं ठोकून ठोकून बाबांसारखाच ठार बहिरा झाला आहे. उरलेल्या पाच दारांवर पत्रे ठोकले आहेत.

तरी जिना आम्ही धुतो. पाटी अजून फिरते. ज्याचा आठवडा संपला त्याने जिना धुऊन, पायऱ्यांच्या कडेला पांढऱ्या मातीची नक्षी काढून, पाटी पुढच्या दारावर अडकवायची. काही बदललेलं नाही. फक्त तीन आठवड्यांनी परत आपल्याच दारावर येते. ही पाटी बाबांनी बुटांच्या खोक्याच्या पुठ्ठ्याची केली होती. तू शाईने लिहिलेली सुंदर पाटी तू गेलीस त्याच आठवड्यात नाहीशी झाली. मी समोरच्या म्हातारीला तोंडावर चोर म्हणाले होते. ती मरेपर्यंत माझ्याशी धड बोलली नाही.

माझं बरं चाललं आहे. कारखाना गेल्यावर सहकारी दुकानात लागले, किमतीच्या पाट्या लिहिते. लोणी, बटाटे, धुण्याचा सोडा. आपल्या नकाशाखोलीतल्या मिस पेटिग्रूने बघितलं असतं तर तिला झीट आली असती.

पत्ता तोच आहे. तीस जूनपर्यंत तरी.

इना

*

११ मार्च १९७४

नेटा,

पत्र परत आलं. न उघडलेलं. पाकिटावर तू लिहिलं आहेस, ‘स्वीकारलं नाही. पाठवणाऱ्यास परत.’

ती अक्षरं बघून मी जिन्यातच बसले. प्रत्येक अक्षर एका उंचीचं, एका कलाचं, दोन शब्दांमध्ये बरोबर एका अक्षराची जागा. माणूस रागाने नकार देतो तेव्हा खरडतो. तू पट्टी लावून लिहिलंस. शेवटी टिंबसुद्धा दिलंस. मिस पेटिग्रूच्या लांबलचक खोलीत, उत्तरेच्या खिडक्यांखाली, आपण चाळीस मुली इंजिनांचे नकाशे गिरवायचो तेव्हा ती म्हणायची की मोठ्या गॅलब्रेथचा हात चांगला आहे, धाकटीचा हात छापखाना आहे. मला ते टोचायचं. अजून टोचतं.

तर हेही परत पाठव. मला तुझी अक्षरं बघायला मिळतील. तुला तिकीट लागेल, मला कागद लागेल. बघू कोण आधी थकतं. आधीचं पत्रही याच पाकिटात घातलं आहे, म्हणजे एका तिकिटात दोन नाकारता येतील.

परवा समोरची अठ्ठेचाळीस नंबरची इमारत पाडली. आता तिची एक भिंत उभी आहे, आणि तिच्यावर चार मजल्यांच्या शेगड्या एकावर एक लटकतायत. मिसेस ऑरची गुलाबाच्या फुलांची भिंत उघडी पडली आहे. आयुष्यभर त्या बाईने कुणाला आतल्या खोलीत येऊ दिलं नाही, आणि आता ट्राममधून, चुकले, ट्रामही गेल्या, बसमधून जाणारं कुणीही तिची झोपायची जागा बघतं.

सकाळी पावणेआठला चार भोंगे व्हायचे, आठवतंय? आणि रस्ता टोप्यांनी काळा व्हायचा. रविवारी नवं इंजिन गाड्यावर चढवून गोदीकडे निघायचं तेव्हा ट्रामच्या तारा बांबूंनी उचलून धरायचे, आणि आपण मागून चालायचो, जणू आपल्याच घरातलं कुणी परदेशी निघालं आहे. बाबा टोपी काढायचे. आईच्या प्रेतयात्रेनंतर मी त्यांना टोपी काढताना पाहिलं ते फक्त इंजिनापुढे. साऱ्या जगाला आपण इंजिनं दिली आणि मग एक दिवस जगाला वाफेची इंजिनं नकोशी झाली. ते आपल्याला कुणी वेळेवर सांगितलं नाही. सांगितलं असेल, आपण ठोकण्याच्या आवाजात ऐकलं नसेल.

बासष्ट साली दरवाजे बंद झाले तेव्हा नकाशांचे गठ्ठे अंगणात आणून टाकले. जाळायला. आम्ही बायका पोती घेऊन गेलो. गिरवायचं कापड जाळायचं म्हणजे काय? तुला माहीत आहे ते काय कापड असतं; खळ देऊन काचेसारखं केलेलं, फिकट निळं. दोन दिवस सोड्याच्या पाण्यात भिजवलं आणि उकळलं की आधी खळ सुटते, तिच्याबरोबर शाई जाते, आणि हातात मलमल उरते. त्या वर्षी स्प्रिंगबर्नमध्ये जन्मलेल्या प्रत्येक बाळाच्या अंगात एकेकाळचं इंजिन होतं. ब्रायडीचा पहिला नातू मालगाडीच्या बॉयलरमध्ये बाप्तिस्मा घेऊन आला. उशांचे अभ्रे, रुमाल, चर्चमधला टेबलावरचा कपडा. मीच किती उकळले त्याचा हिशेब नाही.

एक नकाशा उकळला नाही. कोणता ते तुला ठाऊक आहे. हिंदुस्थानातल्या कुठल्याशा घाटासाठी वीस इंजिनं होती, पंचावन्न सालची, त्यांच्या सांगाड्याच्या आडव्या तुकड्याचा नकाशा. त्याच्या दोन कानांमधलं, म्हणजे जोडासाठी पुढे आलेल्या टोकांमधलं, अंतर २३ इंच हवं होतं. कापडावर २८ लिहिलं गेलं. वीसच्या वीस तुकडे चुकीचे ओतले गेले. आणि खालच्या उजव्या कोपऱ्यात, ‘गिरवणारी’ या शब्दापुढे, जे. जी. म्हणजे जॅनेट गॅलब्रेथ. म्हणजे तू.

तू त्या दुपारी खोलीत नव्हतीसच, हे जगात तीन माणसांना ठाऊक होतं. तुला, तुझ्या टॅमला आणि मला.

लिहिलं बघ. आता पाठव परत.

इना

*

८ एप्रिल १९७४

नेटा,

चार आठवडे झाले, परत आलं नाही. रोज पोस्टमनच्या वेळेला मी जिन्यात काही ना काही काम काढते. त्याने परवा मला विचारलं, “मिस गॅलब्रेथ, कुणी साजण भेटलाय की काय?” मी म्हटलं, हो, कॅनडात आहे आणि पत्रं परत करतो, तोच खरा प्रामाणिक.

तू वाचलंस की बंबात घातलंस ते मला कळायचा मार्ग नाही. तू वाचलंस असं मी धरून चालते.

तेव्हा पुढचं. त्या दुपारी रोझीना कमिंगचा निरोप होता. लग्न ठरलं की नोकरी सोडायची हा नियम, आणि सोडताना मुलींनी तिला कागदी फुलांनी मढवून, हातात मीठ भरलेलं मातीचं भांडं देऊन गल्लीतून मिरवायचं ही आपली रीत. त्या गोंधळात तू टॅमला भेटायला सटकलीस. टेबलावर तुझा नकाशा अर्धा राहिला होता. मी तो पुरा केला आणि कोपऱ्यात तुझी अक्षरं घातली, कारण आपण सगळ्याच एकमेकींसाठी तसं करायचो. तू माझ्यासाठी दोनदा केलं होतंस, मला आठवतं. यात वाईट काही नव्हतं.

मग चूक बाहेर आली, आणि मिस पेटिग्रूने तुला उभं केलं. तू माझ्याकडे बघितलंस. मी दौतीकडे बघितलं.

मी कारण सांगते, ते खरं आहे. बाबांचे हात कामातून गेले होते. एका हाताला पेला धरवेना. घरात माझाच पगार पक्का होता. तू तर टॅमबरोबर कॅनडाला निघालीच होतीस, तुझी नोकरी चार महिन्यांची. दोघींपैकी एकीची जाणार तर जिची नाहीतरी सुटणार तिची जावी. हा विचार मी उभ्याउभ्या केला, आणि तो हिशेबाला बरोबर आहे. आजही कुणी विचारलं तर मी मान वर करून सांगेन.

पण बाबांचं कारण मला बाबांपुढे कधी सांगता आलं नाही. तू निघालीस त्या सकाळी त्यांनी कोट घातला होता. टोपी घातली होती. दारापर्यंत गेले. मग परत येऊन खुर्चीत बसले, टोपी तशीच डोक्यावर. “वीस तुकडे,” एवढंच म्हणाले. बहिऱ्या माणसांचा आवाज मोठा असतो. जिन्यात तुला ऐकू गेलंच असणार. मी एक वाक्य बोलले असते तर ते उठले असते आणि तुझ्याबरोबर गोदीपर्यंत आले असते. मी तुझ्या ट्रंकेची दोरी आवळत होते.

ते अठ्ठावन्न साली गेले. शेवटपर्यंत तुझं नाव घेतलं नाही. टॅमच्या घरच्यांमार्फत तुला मी तार केली होती, उत्तरादाखल दोन ओळींची कार्डं आली, टॅमच्या हातची. त्यांवरच तुझा पत्ता मिळाला.

महापालिकेचा माणूस परत येऊन गेला. मी का जात नाही म्हणून विचारतो. पाण्याचा त्रास आहे का, उंचीची भीती आहे का. मी त्याला सांगितलं की मला या जिन्याचा दगड आवडतो. हे खोटं आहे, दगड मधोमध झिजून पन्हाळीसारखा झाला आहे. तुला खरं सांगते. तुला माझा हा एकच पत्ता माहीत आहे. तुझ्या मनात कधी लिहायचं आलं, तर पत्र इथे येईल, आणि इथे रस्ता असेल. म्हणून मी बसले आहे. तीस जूनला ते मला खुर्चीसकट उचलोत.

मे महिन्यात नगरभवनात शेवटचं प्रदर्शन आहे, स्प्रिंगबर्नचं. कारखान्याच्या वस्तू, फोटो, भाषण. भाषण ह्यू लॉकहार्ट करणार. तोच, तपासनीस. तुझा नकाशा तपासून ज्याने त्यावर आपली अक्षरं घातली आणि २८ ज्याच्या डोळ्यांना दिसला नाही. पुढे तो मुख्य नकाशाकार झाला. मला पत्र आलंय की त्या कापडाचे रुमाल, झगे जमवून एका टेबलावर मांडा. मांडणार आहे.

इना

*

६ मे १९७४

नेटा,

शनिवारी प्रदर्शन झालं. तुला सगळं क्रमाने सांगते, नाहीतर मी स्वतःला शहाणी करून सांगेन.

सभागृह भरलं होतं. जे उठून दूरच्या वसाहतींत गेले तेही आले होते, बसने, ठेवणीतल्या कपड्यांत. माझ्या टेबलावर एकोणतीस रुमाल, अकरा झगे. बायका येऊन आपापला ओळखत होत्या. ब्रायडी म्हणाली, “हात लावू नका गं, माझा फ्रान्सिस त्यात ओकलाय.”

मग दिवे मंद करून लॉकहार्टने पडद्यावर इंजिनांचे फोटो दाखवले. चांगलं बोलला, खोटं कशाला सांगू. लोक रडत होते. मग घाटातल्या इंजिनाचा फोटो आला. आणि तो हसून म्हणाला की या इंजिनांची एक गंमत आहे. गिरवणाऱ्या मुलींत एक नेटा गॅलब्रेथ होती, देखणी, तिचं मन शाईपेक्षा एका पोरात जास्त होतं, आणि तिच्या एका आकड्यापायी वीस इंजिनं सहा आठवडे उघड्या पोटाने उभी राहिली. सगळे हसले. वाईट मनाने नाही. म्हातारी माणसं जुनी गोष्ट ऐकून हसतात तशी.

मी उठले. कापड माझ्या पिशवीत होतं. का नेलं होतं, ते मला विचारू नकोस. बारा वर्षं ते माझ्या गादीखाली सपाट पडलं आहे, आणि त्या सकाळी मी ते गुंडाळून घेतलं, इतकंच.

“तो आकडा नेटाने लिहिलेला नाही,” मी म्हटलं. “ती त्या दुपारी तिथे नव्हती. हात माझा होता. अक्षरं तिची घातली ती मीच.”

कुणीतरी दिवे लावले. लॉकहार्ट म्हणाला, बसा हो मिस गॅलब्रेथ, वीस वर्षं झाली त्याला.

“एकोणीस,” मी म्हटलं. “आणि इथे तपासणाऱ्याचीही अक्षरं आहेत. वाचून दाखवू?”

मागच्या रांगेतून कुणी ओतारी ओरडला, “म्हणजे पोरीची नोकरी गेली आणि तुला बढती मिळाली होय रे ह्यू?” तेव्हा कुणी हसलं नाही. मी कापड टेबलावर पसरलं, झग्यांच्या मधोमध. लोक रांगेने येऊन बघून गेले. बघायचे कापडाकडे, मग माझ्याकडे. सँडी मॅकफेलला काही ऐकू आलं नव्हतं, त्याला त्याच्या भाच्याने कानात ओरडून सांगितलं, म्हणजे ज्यांना दूरवर ऐकू गेलं नव्हतं त्यांनाही कळलं.

मला वाटलं होतं हलकं वाटेल. नाही वाटलं. घरी येऊन मी बटाटे सोलले.

ब्रायडी बोलत नाही. आज सकाळी तिचा आठवडा संपला. पाटी तिने माझ्या दारावर अडकवायची. तिने ती खालच्या पत्रे ठोकलेल्या दारावर अडकवली. मी तिथून उचलली नाही. उचलायची नाही हा जिन्याचा नियम तुला ठाऊक आहे. अडकवेल त्याच्याच हातून यायची. म्हणजे या आठवड्याचा जिना त्या बंद दाराचा. तो तसाच राहील, आणि पायऱ्यांवर समोरच्या पाडकामाची धूळ आहे.

आता जे सभागृहात सांगितलं नाही ते.

मागच्या पत्रात लिहिलेलं कारण खरं आहे, पण ते मी मागाहून शोधलं. तू सटकायच्या आधी मला कानात सांगितलंस की टॅमने तिकिटं काढली. तुम्ही जाणार एवढं मला माहीत होतं. तारीख तेव्हा कळली. तू गेलीस आणि मी तुझ्या टेबलावर बसून उरलेला नकाशा गिरवला, एक रेघ हलली नाही. कापडाखालचा मूळ कागद वर नकाशाकारांकडे परतही दिला. मग कापडाकडे बघत बसले होते तेव्हा थेंब पडला. त्या खोलीत पाण्याला बंदी होती. भिजून आलेल्या मुलीला केस वाळेपर्यंत टेबलाजवळ येऊ देत नसत, चहा बाहेर प्यायचा. पाण्याचा एक थेंब त्या कापडाला काय करतो हे आपल्याला पहिल्या दिवशी दाखवलं होतं. डोळ्यांतल्या पाण्याचं कुणी बोललं नव्हतं. तो आकड्यावर पडला. खळ फुगली, तीनचं पोट पसरलं. मी पात्याने खरवडलं, पावडर चोळली. मूळ आकडा बघायला वर जायचं म्हणजे धाकटी गॅलब्रेथ कुठे आहे हे पुरुषांनी विचारायचं. म्हणून आठवून लिहिला. मला आठ आठवला.

ही चूक झाली. चुकीचं मला काही वाटत नाही, कुणाचीही होते.

पण मिस पेटिग्रूपुढे मी गप्प बसले ते बाबांच्या हातांमुळे नाही, नेटा. तुला कॅनडात हॅमिल्टनला नकाशाच्या कचेरीत जागा मिळणार होती आणि त्यासाठी मिस पेटिग्रूचा दाखला लागणार होता. मला वाटलं, दाखला मिळाला नाही तर तू जाणार नाहीस.

तू गेलीस. आणि मासे डब्यांत भरायच्या कारखान्यात लागलीस, हे टॅमच्या कार्डावरून कळलं. छापखान्यासारख्या हाताने.

आता माझ्याजवळ लपवायला काही नाही. माफी मागत नाहीये. माफी मागितली की तुला ती द्यावी की नाही याची यातायात. तेवढी तरी तुझ्यावर का टाकू? घडलं ते तुझ्या हाती असावं, इतकंच.

इना

*

३ जून १९७४

नेटा,

सोबत कापड आहे. नळीत घातलं आहे, घडी घालू नये म्हणून. पोस्टातल्या बाईने आत काय म्हणून विचारलं. मी म्हटलं, इंजिन.

पाठवण्याआधी एक केलं. बाबांचं दाढीचं पातं घेतलं आणि कोपऱ्यातलं जे. खरवडलं. हाताला अजून सवय आहे. कापडाचा एक धागा उचलला गेला नाही. जागा पावडरीने गुळगुळीत केली आणि डब्ल्यू. लिहिलं. विल्यमिना गॅलब्रेथ. म्हणजे मी. जी. तसंच ठेवलं, ते दोघींचं आहे. आकडा तसाच आहे. ह्यू लॉकहार्टची अक्षरंही तशीच आहेत, त्याची त्याने बघावीत.

उकळू नकोस. माझं एवढं ऐक. रुमाल मी तुला हवे तेवढे पाठवते.

ब्रायडी सोळा दिवसांनी बोलली. दारावर थाप मारून उभी राहिली, आत आली नाही. मी नोकरीसाठी बहिणीला बुडवलं याचा तिला राग नव्हता म्हणे. तिनेही पाच पोरं वाढवायला काय काय केलं ते तिचा पाद्री जाणतो. राग याचा होता की सगळ्या स्प्रिंगबर्नला कळलं तेव्हा तिला कळलं, आणि समोरच्या दाराला आधी कळायला हवं होतं. मी म्हटलं, खरं आहे. मग ती खाली गेली, बंद दारावरची पाटी काढली आणि माझ्या दारावर अडकवली. जिन्याची हालत बघता तिने मला शिक्षा दिली की माफ केलं ते कळायला मार्ग नव्हता. मी तीन बादल्या पाणी ओतलं.

ती पुढच्या आठवड्यात जाते आहे. तिनेही बाविसावा मजला घेतला. माझ्या समोरचंच दार तिने मागून घेतलं आहे, मी येणार असं गृहीत धरून. मी अजून सही केलेली नाही.

महापालिकेच्या माणसाने आज सांगितलं की तीसनंतर पाणी तोडावं लागेल, त्याच्या हातात नाही. त्याला खरंच वाईट वाटत होतं. मी म्हटलं, भरून ठेवीन. मी कुठेही जात नाही. सत्तावीस दिवस आहेत आणि कॅनडाची डाक सहा दिवसांत येते.

इना

*

२९ जून १९७४

नेटा,

काल सकाळी आलं. चपटं पाकीट. अक्षरं बघून पोस्टमन स्वतः वर चढून आला, खालच्या पेटीत टाकलं नाही.

आत पत्र नव्हतं. मी पाकीट उलटं करून झटकलं, उजेडात धरलं. फक्त पाटी. आपली पाटी, काळ्या शाईची, चार कोपऱ्यांत तू काढलेली काटेरी फुलं, आणि मध्ये तुझ्या हातचं ते एक वाक्य, ‘या आठवड्याचा जिना तुमचा.’ दोरीसुद्धा तीच, बाबांच्या बुटांची नाडी.

म्हणजे ती तू नेली होतीस. जाताना दारावरून काढून ट्रंकेत घातलीस, बाबा टोपी घालून बसले होते तेव्हा. एकोणीस वर्षं तिथे कुठे टांगली होतीस, की कुठे खाली घालून ठेवली होतीस, मला माहीत नाही. कडा स्वच्छ आहेत.

मी ती ब्रायडीला दाखवायला बाविसाव्या मजल्यावर गेले, कारण तिच्या सासूची बेअब्रू मी केली होती आणि ती धुवायची तर माणसापुढे जायला हवं. ब्रायडीने पाटी हातात घेऊन उलटसुलट बघितली. म्हणाली, “म्हातारी वर बसून एवढा वेळ हेच बघायला थांबली होती. आता तिला झोप लागेल.” मग म्हणाली, “तुझी बहीण तुझ्यापेक्षा वाईट आहे. मला आवडली.”

परत येऊन मी पाटी आमच्या दारावर अडकवली आणि जिना धुवायला काढला.

सगळा. वरपासून खालपर्यंत, चारही मजले. सँडी बुधवारीच नव्या घरी गेला, म्हणजे इमारतीत मी एकटी. सोमवारी माणसं येणार आहेत, छप्परापासून सुरुवात करतील. शेवटच्या भरून ठेवलेल्या पाण्याने धुतला. गुडघ्याखाली जुनं पोतं घेतलं, कारण माझे गुडघे आता बाबांच्या हातांसारखे झाले आहेत. मग पांढरी माती ओली करून प्रत्येक पायरीच्या दोन्ही कडांना वेलबुट्टी काढली, तू काढायचीस ती, वळणात वळण अडकवलेली. मला ती कधी जमली नव्हती. तिसऱ्या मजल्यापासून जमायला लागली. महापालिकेचा माणूस किल्ल्या घ्यायला आला तेव्हा खालच्या पायरीवर थांबला आणि पाय कुठे ठेवू म्हणाला. मी म्हटलं, मधून या, कडा ओल्या आहेत. तो मधून आला, अगदी टाचा उचलून.

मी सही केली. सही केली तेव्हा त्याने विचारलं की आता काय बदललं. मी सांगितलं की माझं काम होतं ते झालं.

नवा पत्ता पाकिटाच्या मागे आहे, मोठ्या अक्षरांत. तिथे जिना कुणी धुवायचा नसतो, त्याला पगारी माणूस आहे. ब्रायडी त्याच्याशी आत्ताच भांडून आली आहे की त्याला कडा काढता येत नाहीत.

नेटा, नियम तुला ठाऊक आहे. ज्याने धुतला त्याने पाटी स्वतःकडे ठेवायची नाही. मी वाळेपर्यंत थांबले, मग दारावरून काढली. इमारतीत दुसरं दार उरलं नव्हतं. म्हणून ती याच पाकिटात घालते आहे.

या आठवड्याचा जिना तुझा.

इना